शूर्पणखेचे नाक आणि प्रकृतीचा घडा

मराठी माणसाला बाईची निंदा करायची असली तर पोथी उघडावी लागत नाही. पोथी त्याच्या जिभेवरच असते. आवाज चढवून बोलणारी बाई ‘त्राटिका’. मोठ्याने हसणारी ‘शूर्पणखा’. कुणाचे कान भरणारी ‘मंथरा’. दुसऱ्याच्या लेकराला जवळ घेणारीचा संशय आला की ‘पूतनामावशी’. अंगापिंडाने थोराड असेल तर ‘हिडिंबा’, केस मोकळे सोडले तर ‘हडळ’. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस वा. बा. केळकरांनी शेक्सपियरचे ‘टेमिंग ऑफ द श्रू’ मराठीत आणले, तेव्हा नवऱ्याने वठणीवर आणायच्या बाईसाठी त्यांना जे नाव सापडले ते ‘त्राटिका’च होते. रामाच्या बाणाने मेलेल्या ताटकेचे हे मराठी रूप. म्हणजे अरण्यातली राक्षसीण मेली, पण तिचे नाव घराघरातल्या बाईला दटावण्यासाठी जिवंत ठेवले गेले.

शब्द कानावर पडतो आणि विरून जातो. चित्र तसे नाही. चित्र डोळ्यांत बसते आणि पिढ्यानपिढ्या हलत नाही. आज या शिव्यांची चित्रे झाली आहेत. ती फ्लेक्सवर आहेत, मालिकांत आहेत, मोबाइलवरच्या विनोदांत आहेत. म्हणून ही चित्रे कोण काढतो, कुणाचा चेहरा समोर ठेवून काढतो आणि ती पाहून समाज कुणाशी कसा वागतो, हा प्रश्न चळवळीने आपला मानला पाहिजे.

हा प्रश्न साकीनाक्यावर उभे राहून पाहू. एका बाजूला खैरानी रोडचे कारखाने, भंगाराची गोदामे, शिलाईची युनिटे. दुसऱ्या बाजूला चांदिवली, जिथे सिनेमा-मालिकांची चित्रीकरणे होतात. डोक्यावरून २०१४ पासून मेट्रो धावते. या दोन्हींच्या मधल्या गल्ल्यांत फ्लेक्स, लग्नपत्रिका आणि जयंतीचे बॅनर करून देणारी दुकाने आहेत. तिथे संगणकावर बसलेली पोरे-पोरी बहुतेक आपल्याच वस्त्यांतली असतात. कुणाचा आजा १९७२ च्या दुष्काळानंतर मराठवाड्यातून आलेला, कुणाचा बाप उत्तर प्रदेशातून. ती एप्रिलमध्ये बाबासाहेबांच्या जयंतीचे बॅनर करतात आणि नवरात्र-दसऱ्यात देवीचे व राक्षसाचे बॅनर करतात. संगणक तोच, हात तोच. कुणी डिझायनर म्हणतो, कुणी आर्टिस्ट म्हणतो. आपण त्यांना चित्रकार म्हणू, कारण आजच्या मुंबईचे सर्वांत जास्त पाहिले जाणारे चित्रकार तेच आहेत.

या पिढीला खलनायिकेचे मोठे आकर्षण आहे, आणि त्यात वावगे काही नाही. जगभरच्या तरुण चित्रकारांना ते आहे. डिस्नेच्या १९५९ च्या ‘स्लीपिंग ब्यूटी’ मधली शिंगवाली मॅलेफिसंट, १९६१ च्या चित्रपटातली अर्ध्या काळ्या अर्ध्या पांढऱ्या केसांची क्रुएला, १९८९ च्या ‘लिटिल मर्मेड’ मधली ऑक्टोपससारख्या पायांची उर्सुला, या बायका पुन्हा पुन्हा चितारल्या जातात. साधी, सोज्वळ राजकन्या काढायला चित्रकाराला वाव नसतो. खलनायिकेच्या भुवईत, हास्यात, वस्त्रात चित्रकार आपली कला दाखवू शकतो.

पण गेल्या काही वर्षांत तिकडे आणखी एक गोष्ट घडली. या खलनायिकांना त्यांची स्वतःची बाजू मिळाली. २०१४ साली ‘मॅलेफिसंट’ आला. त्यात ती दुष्ट का झाली, तिचे पंख कुणी कापले, हे सांगितले. २०२१ साली क्रुएलाची कहाणी आली. ‘विझार्ड ऑफ ऑझ’ मधल्या चेटकिणीला तर ग्रेगरी मॅग्वायरच्या १९९५ च्या ‘विकेड’ या कादंबरीने नाव आणि बालपण दिले. २००३ साली त्याचे संगीत नाटक झाले, २०२४ साली चित्रपट झाला. त्या कथेत चेटकिणीचा मूळ गुन्हा काय? तिची कातडी हिरवी आहे, एवढाच. जन्मल्याबरोबर रंगावरून तिची हेटाळणी सुरू होते. चित्रपटात ही भूमिका सिंथिया एरिवो या कृष्णवर्णीय अभिनेत्रीने केली, तेव्हा हिरव्या रंगामागचा खरा रंग कोणता हे प्रेक्षकाला वेगळे सांगावे लागले नाही.

मग आमच्या शूर्पणखेला, ताटकेला, मंथरेला, होलिकेला तिची बाजू मांडणारा असा लोकप्रिय सिनेमा का मिळत नाही? नुसती कलावंतांची कमतरता म्हणून हा प्रश्न सुटत नाही. मुळात तिकडची खलनायिका आणि इकडची खलनायिका यांच्यात एक मोठा फरक आहे. ‘स्नो व्हाइट’ ची सावत्र आई राणी आहे. मॅलेफिसंट शक्तिशाली परी आहे. क्रुएला उंची कपड्यांची शौकीन बाई आहे. त्यांना महाल आहे, दागिने आहेत. आमच्याकडची खलनायिका बहुतेक वेळा दासी तरी असते, नाहीतर जंगलात राहणारी तरी असते. शूर्पणखा लंकेच्या राजाची बहीण, पण चित्रात तिला महाल मिळत नाही. चित्रात ती काळी, विस्कटलेल्या केसांची, मोठ्या दातांची, जाड नाकाची असते. राजघराण्यातली बाईसुद्धा खलनायिका करायची झाली की तिला आधी कष्टकरी बाईचे शरीर द्यावे लागते!

तिच्या नावाकडेच पाहा. शूर्प म्हणजे सूप. जिची नखे सुपाएवढी ती शूर्पणखा. आता सूप कुणाच्या हातात असते? सूप विणतो बुरूड. सूप पाखडते खळ्यावरची मजूर बाई. ज्या बाईने आयुष्यभर दुसऱ्याचे धान्य पाखडले तिच्या हातातले अवजार राक्षसिणीच्या नखांना जोडले गेले. वाल्मीकी रामायणात शूर्पणखा रामासमोर येते तेव्हा दोघांची तुलना करून तिच्या एकेका अवयवाला नाव ठेवले आहे. त्याचा चेहरा सुंदर तर हिचा कुरूप, त्याची कंबर बारीक तर हिचे पोट सुटलेले, त्याचा आवाज गोड तर हिचा कर्कश. हे वर्णन म्हणजे पुढच्या सगळ्या चित्रकारांना दिलेली ऑर्डरच होती. केरळच्या कथकलीत राक्षसिणीच्या वेशाला ‘करी’ म्हणतात. करी म्हणजे काळी.

मंथरेचे प्रकरण तर याहून बोलके आहे. रामाला वनवासात पाठवा असे वचन मागितले कैकेयीने. वचन दिले दशरथाने. पण चौदा वर्षांच्या वनवासाचा सगळा दोष कुणावर आला? कुबड असलेल्या दासीवर! राणीचा अपराध मोलकरणीच्या खात्यावर टाकायची ही रीत फार जुनी आहे. आजही बंगल्यातली अंगठी सापडत नाही तेव्हा पहिली झडती कुणाच्या पिशवीची होते, हे धुणीभांडी करणाऱ्या आपल्या कुठल्याही मावशीला विचारा.

दूरदर्शनवर २५ जानेवारी १९८७ रोजी ‘रामायण’ मालिका सुरू झाली. तिच्यातली मंथरा केली ललिता पवार यांनी. या थोर अभिनेत्रीचा जन्म १९१६ सालचा, नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याचा. तरुणपणी त्या नायिकेची कामे करीत. १९४२ साली एका चित्रपटाच्या चित्रीकरणात सहकलाकाराची थप्पड जोरात बसली. चेहऱ्याला लकवा झाला आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला. नायिकेची कामे संपली आणि पुढची चार दशके त्या पडद्यावर खाष्ट सासू म्हणून गाजल्या. त्यांचा अभिनय वादातीत होता. पण त्यांचा अधू डोळा दिसताच प्रेक्षकाला ‘ही दुष्ट’ असे का वाटावे? कारण अपंग शरीर म्हणजे वाकडे मन, हे समीकरण मंथरेच्या कुबडाने आधीच शिकवून ठेवले होते. एका कर्तबगार बाईच्या इजेचा पडद्याने असा उपयोग केला.

हे चित्र आपल्यापर्यंत कसे आले, तो प्रवासही पाहण्यासारखा आहे. १८९४ साली राजा रविवर्म्याने मुंबईत छापखाना काढला. पुढे तो लोणावळ्याजवळ मळवलीला गेला. पुराणातले देव-देवी रंगीत छापून घराच्या भिंतीवर आले ते अशा छापखान्यांमुळे. १९१७ साली दादासाहेब फाळक्यांनी ‘लंका दहन’ काढला. १९६७ साली अनंत पै यांनी ‘अमर चित्र कथा’ सुरू केली आणि गोरे देव, काळे राक्षस शाळकरी पोरांच्या हातात आले. मग दूरदर्शन आले. २०२० च्या टाळेबंदीत तीच मालिका पुन्हा दाखवली आणि तिचे तुकडे मोबाइलवर फिरले. २०२३ साली ओम राऊत यांचा ‘आदिपुरुष’ आला, त्यात रामायण संगणकावर उभे केले होते. छापखाना गेला, संगणक आला, पण राक्षसिणीचा साचा मोडला नाही.

आता तर चित्र काढणारे यंत्रच आले आहे. चार शब्द लिहिले की ते चित्र तयार करून देते. पण यंत्राला स्वतःचे डोळे नाहीत. आधी काढलेली लाखो चित्रे दाखवून त्याला शिकवलेले असते. शे-सव्वाशे वर्षे राक्षसीण म्हणून काळी, रापलेली, जाड ओठांची बाई काढली गेली असेल, तर यंत्र दुसरे काय शिकणार? मनूच्या काळातला पूर्वग्रह आता वीजेवर चालू लागला आहे आणि त्याला लोक ‘तंत्रज्ञान’ म्हणतात.

यावर काही शहाणे म्हणतील, अहो, गोष्टच ती. गोष्टीतल्या राक्षसिणीवरून एवढा त्रागा कशाला? त्यांच्यासाठी अलीकडचे काही दाखले देतो.

नोव्हेंबर २०१७ मध्ये ‘पद्मावत’ चित्रपटाचा वाद पेटला होता. तेव्हा करणी सेनेच्या एका पुढाऱ्याने दीपिका पदुकोण हिला जाहीर धमकी दिली ती शूर्पणखेच्या नाकाची आठवण करून देत. ७ फेब्रुवारी २०१८ रोजी राज्यसभेत पंतप्रधानांचे भाषण चालू असताना खासदार रेणुका चौधरी हसल्या. रामायण मालिकेनंतर असे हास्य आजच ऐकायला मिळाले, अशा अर्थाचा टोला पंतप्रधानांनी मारला. सभागृह हसले. मग केंद्रीय गृहराज्यमंत्री किरेन रिजिजू यांनी मालिकेतल्या शूर्पणखेच्या हसण्याची चित्रफीत जोडून समाजमाध्यमावर टाकली. एप्रिल २०२३ मध्ये मध्य प्रदेशातले भाजपचे नेते कैलास विजयवर्गीय यांनी इंदूरला मुलींच्या कपड्यांवर बोलताना त्यांची तुलना शूर्पणखेशी केली. आणि २०२५ च्या दसऱ्याला त्याच इंदूरमध्ये एका संघटनेने अकरा तोंडांची शूर्पणखा जाळायचे ठरवले. तोंडे कुणाची? पतीच्या किंवा नातलगांच्या खुनाचा आरोप असलेल्या खऱ्या, जिवंत बायकांची. त्यांच्यापैकी ज्यांचे खटले अजून चालू होते त्यांचेही चेहरे त्यात होते. एका आरोपीच्या आईने उच्च न्यायालयात धाव घेतली आणि मध्य प्रदेश उच्च न्यायालयाच्या इंदूर खंडपीठाने हा प्रकार रोखला.

आता सांगा, ही नुसती गोष्ट आहे काय? नटीला, खासदाराला, रस्त्याने चाललेल्या मुलीला आणि कोर्टात उभ्या असलेल्या आरोपीला एकच चित्र चिकटवले जाते. एकदा का बाईवर शूर्पणखेचे चित्र चिकटले, की तिचे नाक कापणे हा गुन्हा राहत नाही. ती मर्दुमकी होते. पुरुष आरोपींची अकरा तोंडे करून असे दहन करायचे कुणाला सुचले नाही, हेही लक्षात ठेवा.

दलित स्त्रीच्या बाबतीत तर हे चित्र तिच्या मृत्यूनंतरही तिला सोडत नाही. २९ सप्टेंबर २००६ रोजी भंडारा जिल्ह्यातल्या खैरलांजीत सुरेखा भोतमांगे, प्रियंका, रोशन आणि सुधीर यांची हत्या झाली. सुरेखाबाई शिकलेल्या पोरांची आई होती, जमिनीसाठी ताठ मानेने उभी राहणारी बाई होती. तिला मारून भागले नाही. मेल्यावर तिच्या चारित्र्यावर शिंतोडे उडवले गेले. आधी बाईला खलनायिका करायचे, मग तिच्यावरच्या अत्याचाराला शिक्षेचे रूप द्यायचे, ही ती जुनी पंचवटीचीच पद्धत आहे.

आणि ज्या साकीनाक्यापासून आपण सुरुवात केली, तिथे काय घडले? १० सप्टेंबर २०२१ च्या पहाटे खैरानी रोडवर एका महिलेवर अमानुष अत्याचार झाला. घाटकोपरच्या राजावाडी रुग्णालयात तिचा मृत्यू झाला. ती अनुसूचित जातीतली होती. गुन्ह्यात अॅट्रॉसिटीचे कलम लागले. २ जून २०२२ रोजी दिंडोशीच्या सत्र न्यायालयाने आरोपीला फाशीची शिक्षा सुनावली. अशा प्रत्येक घटनेनंतर आपल्याकडे एक प्रश्न कुजबुजला जातोच: एवढ्या रात्री ती बाई तिथे करत काय होती? या प्रश्नाच्या पोटात तेच चित्र आहे. रात्री, एकटी, मोकळी फिरणारी बाई म्हणजे हडळ. घरात असते ती सीता, रानात फिरते ती शूर्पणखा. ज्यांना घरच नाही, ज्यांचे पोट रस्त्यावर आहे, ज्या रात्रपाळी करून पायी वस्तीत परततात, त्या आमच्या आयाबहिणींनी सीता व्हायचे तरी कसे?

या चित्राला उत्तर देण्याची आपली परंपरा नवी नाही. १८७३ साली महात्मा जोतीराव फुल्यांनी ‘गुलामगिरी’ लिहिली आणि बळी, बाणासुर, हिरण्यकश्यपू यांना राक्षसांच्या रांगेतून काढून आपल्या पूर्वजांच्या रांगेत बसवले. १८८१ साली सुरतच्या विजयालक्ष्मी या विधवेला बालहत्येबद्दल फाशीची शिक्षा झाली, पुढे ती कमी झाली, पण वर्तमानपत्रांना सगळ्याच बायका दुष्ट दिसू लागल्या. तेव्हा बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी १८८२ साली ‘स्त्रीपुरुषतुलना’ लिहून विचारले की, जे दुर्गुण तुम्ही बाईला चिकटवता ते पुरुषात नाहीत काय?

आणि बाबासाहेब! २ मार्च १९३० रोजी काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला तो नाशिकच्या पंचवटीत. शूर्पणखेचे नाक कापले म्हणून या गावाचे नाव नाशिक पडले, असे सांगतात. तपोवनात ती जागाही दाखवतात. ज्या भूमीवर एका वनवासी बाईच्या विटंबनेचे तीर्थ झाले, त्याच भूमीवर बाबासाहेब आणि दादासाहेब गायकवाड यांच्या नेतृत्वाखाली हजारो अस्पृश्य स्त्री-पुरुषांनी माणुसकीचा हक्क मागितला. दगड खाल्ले, पण मागे हटले नाहीत. १३ ऑक्टोबर १९३५ रोजी येवल्यात बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली. पडद्यावरची मंथरा ज्या येवल्यात जन्मली, त्याच येवल्यात पोथीच्या बाहेर पडायचा रस्ताही उघडला!

पुढे १९८७ साली महाराष्ट्र शासनाने बाबासाहेबांच्या ग्रंथांचा चौथा खंड प्रसिद्ध केला. त्यातल्या राम-कृष्णावरच्या प्रकरणावरून गदारोळ झाला. ते प्रकरण वगळा म्हणून मोर्चे निघाले. १९८८ च्या फेब्रुवारीत भीमसैनिकांनी मुंबईच्या रस्त्यावर उतरून त्याला उत्तर दिले. तारखा जुळवून पाहा. रविवारी सकाळी देश दूरचित्रवाणीसमोर हात जोडून बसत होता, आणि त्याच महिन्यांत बाबासाहेबांचे चिकित्सेचे शब्द टिकावेत म्हणून आपली माणसे लढत होती. एकीकडे चित्र होते, एकीकडे विचार. विचार आपण वाचवला, पण चित्राला चित्राने उत्तर द्यायचे राहून गेले.

ते उत्तर कसे असावे? इथे सावध राहिले पाहिजे. एक सोपा मार्ग म्हणजे शूर्पणखेला गोरी, सडपातळ, झगमगीत करून टाकणे. हॉलिवूडने मॅलेफिसंटचे जवळजवळ तेच केले. मग काळी बाई पुन्हा कुरूपच राहते, फक्त शूर्पणखा तिच्यातून निसटते. दुसरा सोपा मार्ग म्हणजे शूर्पणखेलाच देवी करून तिची आरती सुरू करणे. बावीस प्रतिज्ञा घेतलेल्या समाजाला तो मार्ग बंद आहे. जुन्या मखरात नवी मूर्ती बसवणे म्हणजे क्रांती नव्हे.

आपला मार्ग तथागतांनी दाखवला आहे. बाबासाहेबांच्या ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात प्रकृती नावाच्या चांडाल कन्येची कथा आहे. भिक्खू आनंद तिच्याकडे पाणी मागतात. ती म्हणते, मी चांडाल आहे. आनंद म्हणतात, मला पाण्याशी काम आहे, तुझ्या जातीशी नाही. ती आनंदावर भाळते, लग्नाचा हट्ट धरते. मंत्रतंत्र जाणणारी तिची आई आनंदाला घरी बोलावते. आता ही कथा शूर्पणखेच्या कथेशेजारी ठेवून वाचा. दोन्हीकडे समाजाने हीन मानलेली स्त्री आहे. दोन्हीकडे तिने स्वतःहून पुरुषाला मागणी घातली आहे. दोन्हीकडे पुरुषाने नकार दिला आहे. पंचवटीत राम तिला लक्ष्मणाकडे पाठवतो, लक्ष्मण परत रामाकडे पाठवतो, तिची थट्टा चालते. चिडून ती सीतेवर धावते आणि तिचे नाक-कान कापले जातात. श्रावस्तीत भगवान बुद्ध प्रकृतीची थट्टा करीत नाहीत. तिच्या आईला चेटकीण म्हणून झोडपत नाहीत. ते मुलीशी बोलतात, तिला विचार करायला लावतात, आणि ती संघात प्रवेश करते. एका संस्कृतीकडे सुरी होती, दुसरीकडे संवाद होता. दोन संस्कृतींतला फरक याहून सोप्या रीतीने सांगता येणार नाही.

आणि कुणी म्हणेल की, प्रकृतीने तर काही वाईट केलेच नव्हते, खरोखर दुष्ट बाईचे काय? तर त्याचेही उत्तर आपल्याच महाराष्ट्रात दगडात कोरलेले आहे. अजिंठ्याच्या दुसऱ्या क्रमांकाच्या लेण्यात हारितीचे दालन आहे. पाचव्या शतकातले हे काम. हारिती ही यक्षिणी. राजगृहातली मुले पळवून खाणारी, म्हणजे पूतनेपेक्षा भयंकर. बुद्धांनी काय केले? तिच्या असंख्य मुलांपैकी सर्वांत धाकटे मूल लपवले. ती वेडीपिशी होऊन शोधत आली तेव्हा तिला विचारले, शेकडो मुलांतले एक गेले तर तुला एवढे दुःख होते, मग जिला एकच मूल होते तिला काय झाले असेल? हारिती बदलली आणि मुलांची रक्षणकर्ती झाली. चमत्काराचा भाग बाजूला ठेवला तरी त्या शिल्पकाराची दृष्टी पाहण्यासारखी आहे. त्याने हारितीचा भूतकाळ झाकला नाही. बुद्धांवर चालून येणारी हारिती त्याने वरच्या कोपऱ्यात कोरली आहे. पण मधोमध बसवली ती मांडीवर मूल घेतलेली, शांत, भरल्या अंगाची आई. खाली पोरे आणि त्यांचे गुरुजी. पंधराशे वर्षांपूर्वी एका बौद्ध कलावंताने खलनायिकेला तिची पूर्ण गोष्ट दिली होती. हॉलिवूडला ते सुचायला एकविसावे शतक उजाडावे लागले!

ही दृष्टी घेऊन काम करणारे आज आहेत. तेलुगू लेखिका व्होल्गा यांच्या ‘विमुक्त’ या कथासंग्रहात विद्रूप केलेली शूर्पणखा रडत बसत नाही, ती बाग फुलवते, आणि सीता तिला भेटायला जाते. या संग्रहाला २०१५ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. २०११ साली दुर्गाबाई आणि सुभाष व्याम या गोंड कलावंतांनी ‘भीमायन’ मध्ये बाबासाहेबांचे चरित्र आदिवासी रेषेत उभे केले. मालविका राज यांनी मधुबनी शैलीत बुद्ध आणला. राही पुण्यश्लोक, सिद्धेश गौतम यांच्यासारखे तरुण संगणकावर आंबेडकरी चित्रभाषा घडवीत आहेत. साकीनाक्यापासून फार दूर नसलेल्या विक्रोळीच्या विक्रांत भिसे यांनी आपल्या वस्तीची, आपल्या चळवळीची चित्रे मोठ्या दालनांपर्यंत नेली. चित्र किती घाव घालू शकते हे आपण जाणतो. १९३२ ते १९५६ या काळात बाबासाहेबांवर काढलेली व्यंगचित्रे उन्नमती श्याम सुंदर यांनी २०१९ साली पुस्तकरूपाने एकत्र केली, ती पाहिली तर ज्ञानाच्या त्या महामेरूलाही रेषेने किती खुजा करायचा प्रयत्न झाला हे दिसते.

म्हणून साकीनाक्याच्या, घाटकोपरच्या, मुलुंडच्या गल्ल्यांत संगणकावर बसलेल्या आपल्या मुला-मुलींना सांगणे आहे. दसऱ्याच्या बॅनरसाठी कुणी राक्षसीण काढायला सांगितली, तर हात चालवण्याआधी क्षणभर थांबा. तुम्ही तो जाड ओठ, तो रापलेला रंग, ते विस्कटलेले केस कुठून आणले? ते तुमच्या आजीचे तर नाहीत? मॅलेफिसंट जरूर काढा, क्रुएला जरूर काढा, त्यातून हात तयार होतो. पण तयार झालेला हात मग आपल्या घराकडे वळवा. शूर्पणखेच्या हातात सूप द्या, कारण तिच्या नावातच ते आहे. मंथरेला पहाटे उठून दुसऱ्याचे घर झाडताना दाखवा. ताटकेच्या मागे तिचे रान दाखवा. प्रकृतीला विहिरीवर दाखवा, काखेत घडा, समोर ओंजळ धरलेला आनंद.

आणि कार्यकर्त्यांनाही विनंती आहे. जयंतीचा खर्च ठरवताना डीजेसाठी जो आकडा लिहिला जातो, त्यातला थोडा भाग या पोरांच्या एका चित्रप्रदर्शनासाठी काढा. बुद्धविहाराची एक भिंत त्यांना द्या. सावित्रीमाई, रमाई, ताराबाई शिंदे यांच्या शेजारी प्रकृती आणि हारिती यांनाही जागा द्या.

२५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला बाबासाहेबांनी एक ग्रंथ जाळला, कारण त्या ग्रंथात बाईला आणि शूद्राला माणूस मानले नव्हते. त्यांनी कुणा बाईचा पुतळा जाळला नाही. दर होळीला होलिका जाळणाऱ्या आणि दसऱ्याला शूर्पणखेची नवी तोंडे शोधणाऱ्या समाजाला हा फरक समजावून सांगायचे काम आता आपल्या चित्रकारांचे आहे. नाक कापलेल्या बाईचे नाक परत आणता येत नाही. पण तिचे चित्र नव्याने काढता येते, आणि ते काढण्याची साधने पहिल्यांदाच आपल्या पोरांच्या हातात आली आहेत.

जयभीम!